बसवलेली माणसं

भवानी पेठ, सोलापूर
४ फेब्रुवारी १९७४

शिवबाई, आधी सगळ्यांची खुशाली सांग. तुझा डावा गुडघा कसा आहे? निर्गुडीचा पाला शेकायला सांगून आलो होतो. शेकतेस, की नुसती उंबऱ्यावर बसून गुडघ्याला शिव्या देतेस? आपल्या मडिवाळप्पाचा खोकला गेला का? डेअरीत पहाटेच गार पाण्यात हात घालायचे म्हटल्यावर खोकला तरी कुठे जाणार. लेकाला म्हणावं, मफलर गळ्याला बांधायचा असतो, सायकलच्या दांडीला नव्हे. सूनबाईला, चन्नम्माला, अन्न टिकतं का आता? तिला सांग, चैत्रात तुझे दिवस भरायच्या आत सासरा दारात हजर असेल. पाळण्याची दोरी पहिली मी ओढणार. आणि म्हैस? धार काढताना पाय झाडायची सोडली का तिनं?

मी एकदम मजेत. अकलूजहून एस.टी.त खिडकीची जागा मिळाली, म्हणजे अर्धं सोलापूर जिंकलंच. रोज चार ओळी लिहीन आणि आठवड्याची पानं एकदम टपालात टाकीन. तू अक्षरं शिकलीस ती आपल्या तंबू टॉकीजच्या पोस्टरांवर, म्हणून पोस्टरासारखीच ठळक लिहितोय. आपला तंबू विकल्यापासून घरी बसून बसून बुडाला मुळं फुटायची वेळ आली होती. यंत्राची घरघर कानावर पडल्याशिवाय मला अन्न गोड लागत नाही, हे तुझ्याइतकं कुणाला ठाऊक.

जागा म्हणजे चादरींचं जुनं गोदाम. दोन खोल्या. बाहेरच्या खोलीत माझी खाट, आतल्या खोलीत यंत्र आणि पडदा. आतल्या खिडक्यांवर चादरी ठोकल्यात, भर दुपारीही तिथे विहिरीतला अंधार. भिंतीपलीकडे सावित्रम्मा नावाची तेलुगू बाई राहते, तिचे दोन माग दिवसभर खटाखट चालतात. आल्या आल्या तिनं कडक भाकरी आणि शेंगाची चटणी आणून दिली आणि मला निंगप्पाअण्णा करून टाकलं. समोर धोंडप्पाचं मागाच्या सुट्या भागांचं दुकान. आपल्यातलाच, लिंगायत. सत्तरीचा आहे पण तोंड असं चालतं की सावित्रम्माचे माग लाजावेत.

आणि तुझा चनबसप्पा. तुझ्या मावसबहिणीचं पोर, घरचंच आहे, सांभाळून घ्या, म्हणाली होतीस. पोर पन्नाशीचं झालंय. दाढी अशी की कुळवाच्या फासात अडकावी. घरातही काळा चष्मा. मला काका म्हणून वाकून नमस्कार केला, तेवढं संस्काराचं शिल्लक आहे. बिनदुधाचा चहा पितो. मी म्हटलं, अरे, दूध डेअरीवर सिनेमा काढलास आणि दुधाचाच राग? तर म्हणे, काका, मला आता जास्तीचं काही सोसत नाही.

६ फेब्रुवारी

माझं काम असं, की त्याच्या सगळ्या जुन्या फिल्मा पहिल्यापासून लावायच्या, तुटलेल्या जागी जोड मारायचे. मुंबईहून पाहुणे येणार आहेत म्हणे, निवड करायला. कसली निवड देव जाणे. मंडईत सडकी वांगी निवडतात तशी असावी.

आज पहिल्या चार लावल्या. पहिली सरकारी, खतावरची. तिच्यात निदान माणूस बोलतो: हे पोतं, हे शेत, हे पीक. गडी तेव्हा बरा होता. दुसरी आपल्या डेअरीवरची. हिच्यात बोलणं काढून टाकलं, नुसत्या कॅनांचा खणखणाट. तिसरीत तोही आवाज गेला. चौथीचं नाव ‘भिंत’. शिवबाई, भिंतीवर सिनेमा मी जन्मभर दाखवला, पण भिंतीचा सिनेमा पहिल्यांदा बघितला. एक भिंत. तिच्यावर ऊन. मग ऊन जरा सरकतं. संपलं. ह्याला परदेशात पदक मिळालंय. आपल्याकडे असं दाखवलं असतं तर पब्लिकनं तंबूच्या दोऱ्या कापल्या असत्या.

मी विचारलं, आवाज का रे काढलास? तर म्हणाला, आवाज माणसाला सोडवतो. बोलला की माणूस निसटतो. मी मान डोलावली. म्हटलं, उंटावरच्या शहाण्याशी खाली उभं राहून कोण भांडणार.

तुला आठवतं? सांगोल्याच्या मुक्कामात आवाजाचा दिवा उडाला की मी नटांचे ओठ वाचून भोंग्यावर बोलायचो. नायिका मीच, खलनायक मीच, आणि मरणारी आईसुद्धा मीच. बाया पदर डोळ्याला लावायच्या. तो सिनेमा. हा पडद्यावर माणसं मुकी करतो आणि वर पदक घेतो.

९ फेब्रुवारी

आज दुष्काळाची फिल्म लावली. खडी फोडायच्या कामावर वर्षभर हिंडून काढलीय. वाटलं, आता तरी माणसं दिसतील. दिसल्या फक्त सावल्या, हातोड्या उचलणाऱ्या. धोंडप्पा बघायला येऊन बसला होता. त्याची मेहुणी होती त्या खडीवर. तो अंधारातच म्हणाला, “आमची केराबाई कुठं हाय ह्यात? का तिची सावली बी मुकादमानं कापून घेतली?” मला खोकला काढून हसू दाबावं लागलं. चनबसप्पा मात्र धोंडप्पाकडे बराच वेळ बघत राहिला. चष्मा काढून. त्याचे डोळे मी पहिल्यांदा बघितले. कोळशाच्या वखारीत काजवा दिसावा तसे.

नंतर मला समजावून सांगत होता. आधी बोलणं काढलं, मग आवाज, मग हालचाल. आता फक्त माणूस उरलाय, तो पकडायचा आहे. कांदा सोलत जावा आणि शेवटी आत काहीतरी सापडेल म्हणून हटून बसावं, असं आहे हे. कांद्याच्या आत काय असतं ते तू सांग. डोळ्यांतलं पाणी, दुसरं काय.

तुझं पत्र पोहोचलं. पाकिटावर माझं नाव नाहीच. ‘चनबसप्पा यांच्या घरी, मडिवाळप्पाचे वडील’. पोस्टमन दारात ओरडतोय, मडिवाळप्पाचा बाप कोण हाय? सगळी पेठ हसली. चाळीस वर्षांत तोंडानं नाव घेतलं नाहीस ते नाहीस, निदान लिहायला काय जातं गं? बरं, असू दे. गुडघा बरा आहे हे वाचून बरं वाटलं.

१३ फेब्रुवारी

आज मात्र पोटभर करमणूक झाली.

नवीन फिल्म सुरू केलीय. नाव नाही, गोष्ट नाही. पेठेतल्या माणसाला भिंतीला टेकवून बसवायचं आणि कॅमेऱ्यातलं रीळ संपेपर्यंत हलू द्यायचं नाही, बस्स. सकाळपासून चार जणांना बसवून बघितलं. एकाला शिंक, एकाला तंबाखू, एकाचे गुडघे. चौथा तर बसल्या बसल्या घोरायला लागला. तुझा भाचा डोक्याला हात लावून म्हणाला, जिवंत माणूस बसतच नाही, काका.

शिवबाई, माझी जीभ म्हणजे बिनकासऱ्याचं खोंड. मी म्हटलं, “असं बसवतात व्हय? तू लिंगायताचा ना? अरे, आपल्यात बसवून पुरतात ते मढं सुद्धा ह्याच्यापेक्षा नीट बसतं.” आणि नुसतं म्हणून थांबलो नाही. दाखवलं. भिंतीच्या खुंटीला धोतराची पट्टी अडकवली, ती काखेखालून छातीवर घेतली. मांडी घातली, पाठ ताठ. डावा हात मांडीत, तळवा वर उघडा. मान पट्टीच्या आधारानं सरळ. कपाळाला राख तेवढी लावायची राहिली. धोंडप्पा दारात उभा राहून टाळ्या पिटत होता, की आता मढ्याचं विमान सजवा, भजनी मंडळ बोलवा. मी तसाच बसून तुझ्या भाच्याकडे असा बघत राहिलो, की बाबा, हेच तुझं वीस वर्षांचं शिक्षण, पदकासकट.

कॅमेरा घरघरत होता हे मला पट्टी सोडताना कळलं. चनबसप्पाचा चेहरा उतू चाललेल्या दुधासारखा झाला होता. म्हणाला, हेच मला सापडत नव्हतं.

लहानपणी खेळता खेळता एकदा असा बसलो होतो, तेव्हा आईनं उलथनं फेकून मारलं होतं. म्हणाली होती, जित्यानं ती बैठक घालू नये. आणि तसं बसवलेल्याला कधी नावानं हाक मारू नये, बिचारा उठायला जातो. आज तिची आठवण आली. हसलो जरा.

१५ फेब्रुवारी

माझीच पट्टी आणि माझीच बैठक वापरून काल धोंडप्पाला बसवलं, आज सावित्रम्माला. ती दोन दिवस मागेच लागली होती, माझा बी फोटो काढा की. नवं लुगडं नेसून आली. हलायचं नाही म्हटल्यावर म्हणाली, “अण्णा, माझा माग पण असंच म्हणतोय, पण मी कुठं ऐकते?” पण बसली. धोंडप्पासुद्धा बसला, त्या पट्टीत एक शब्द न बोलता. पेठेच्या इतिहासात प्रथमच.

तिन्ही डबे रिळं धुवायला मुंबईला गेले. तिसऱ्या डब्यावर चिठ्ठी लावलीय, ‘काका’. मी म्हटलं, ते कशाला धुतोस, चेष्टा होती ती. तो हसला नुसता.

२६ फेब्रुवारी

डबे आले. धोंडप्पाचं रीळ पहिलं लावलं. एक म्हातारा भिंतीला टेकून बसलाय, सुरुवातीपासून शेवटापर्यंत. मध्ये एकदा डावा अंगठा आत दुमडतो, ती गोष्टीतली कळ समजायची. बरं, एकदा दाखवून समाधान नाही. पुन्हा लावा काका, पुन्हा लावा. दुपारभर तेच. पाणी ढवळून लोणी काढतोय.

संध्याकाळी धोंडप्पाच्या दुकानात गेलो, म्हटलं, नटसम्राट, तुम्हाला बघून बघून डोळे दुखले. तर तो गल्ल्यामागे भिंतीला टेकून बसलेला. बोलला नाही. गिऱ्हाईक समोर उभं, त्याच्याकडे बघितलं नाही. सून म्हणाली, दुपारपासून असंच करायलेत, चहा बी गार झाला. तिनं मामंजी, मामंजी करून बघितलं. काही नाही. मी दंडाला धरून नावानं हाक मारली तेव्हा दचकून उठला आणि म्हणाला, “निंगप्पा, मी कुटं होतो रं?”

ऊन वाढलंय. म्हाताऱ्याला ऊन लागलं असावं.

३ मार्च

रोज धोंडप्पाचंच रीळ चाललंय आणि धोंडप्पा रोज दुपारी बसतोय. वैद्यानं काढा दिला. काढ्यानं काय होणार.

परवा पेठेतला विजेचा डीपी जळला. तीन दिवस माग बंद, यंत्र बंद. सगळी पेठ ओट्यावर हात बांधून बसली. आणि एकटा धोंडप्पा उठला. दुकान झाडलं, माझ्याबरोबर दोनदा चहा प्याला, चनबसप्पाच्या दाढीत सुगरणीनं घरटं केल्याचं साग्रसंगीत वर्णन केलं. मी पोट दुखेपर्यंत हसलो.

आज दुपारी वीज आली. मी यंत्र लावलं. खिडकीवरच्या चादरीचं टोक उचलून समोर बघितलं. धोंडप्पा गिऱ्हाइकाला मागाचा धोटा दाखवत होता. इकडे पडद्यावर रीळ चालू झालं, तिकडे त्याच्या हातातला धोटा खाली पडला. तो मागे सरकला. भिंतीला टेकला. मांडी घातली.

मी लगेच यंत्र बंद केलं. चनबसप्पा अंधारातून म्हणाला, काय झालं काका? म्हटलं, जोड तुटला.

शिवबाई, मी असल्या गोष्टींवर विश्वास ठेवणारा माणूस नाही. तू जाणतेस.

८ मार्च

दोन दिवस जोड तुटल्याचीच सबब पुढे केली. आज मुंबईचे पाहुणे आले. खादी, झोळ्या, एक बाई पुरुषासारखी विडी ओढणारी. मी म्हटलं, माझी तब्येत बरी नाही, यंत्र चालवत नाही. चनबसप्पानं मला बाजूला केलं आणि स्वतः लावलं. चालवायला मीच शिकवलंय त्याला, भाचा म्हणून, कौतुकानं. धोंडप्पाचं रीळ पाच-सहा वेळा तरी फिरलं. पाहुणे अहाहा करत होते. एक जण म्हणाला, इथे काळ स्वतःच बसला आहे. काळ नव्हे रे गाढवा, धोंडप्पा.

मी समोर धावलो. नावानं हाका मारल्या. पहिल्या हाकेला पापणी हलली. नंतर तीही नाही.

१० मार्च

धोंडप्पा गेला. काल दुपारीच.

आज माळ घालायला गेलो. आपल्या रीतीनं त्याला बसवला होता. भस्म, पट्टी, डावा तळवा उघडा. त्याचा लेक सांगत होता, काका, आमाला बसवावंच लागलं न्हाय, ते आदीपासूनच तसं बसलेलं हुतं. मान उजवीकडे किंचित कललेली. डावा अंगठा आत दुमडलेला. मी ही मान आणि हा अंगठा इतक्या वेळा बघितलाय की डोळे मिटूनही दिसतो.

भजन चालू असताना चटईवर बसलो होतो. सगळे उठले, मला उठता येईना. पाय बधिर नव्हते. उठायचं असतं हेच आठवेना. माझा तळवा उघडा होता. सावित्रम्मानं पाठीमागून हाक मारली, निंगप्पाअण्णा, तेव्हा जमलं.

घरी आलो तर आतल्या खोलीत पाहुणे आणि यंत्राची घरघर. काय बघत होते ते विचारलं नाही. चहा करून दिला. एवढंच लिहितो.

१२ मार्च

आज चनबसप्पा पाहुण्यांना स्टेशनवर सोडायला गेला. मी एकट्यानं धोंडप्पाचं रीळ लावलं. आता तो गेलाय, कुणाचं काय बिघडणार, म्हटलं, एकदा नीट बघावं.

मान सरळ होती. अंगठा उघडा होता.

तो माझ्याकडे बघत होता. पडद्यावरून यंत्राच्या भोकाकडे, थेट. आणि ओठ हलत होते. ह्या रिळात ओठ कधीच हलले नव्हते, शिवबाई, मी शंभरदा लावलंय. आवाज नाही. पण ओठ वाचायला मला आवाज लागत नाही.

निंगप्पा, उठव. निंगप्पा, उठव. रीळ संपेपर्यंत तेवढंच.

१४ मार्च

सकाळपासून सावित्रम्माचे माग बंद. मला आधी कळलंच नाही, काहीतरी चुकतंय एवढंच वाटत होतं. मग आतून यंत्राची घरघर ऐकू आली. धावलो. ती दोन मागांच्या मधे, भिंतीला टेकून, धागा हातात तसाच.

नावानं हाक मारून भानावर आणली. मग आतल्या खोलीत गेलो आणि चालू यंत्रावरून तिचं रीळ ओढलं. चनबसप्पा बघत राहिला. मी ते आणि धोंडप्पाचं, दोन्ही रिळं सावित्रम्माच्या चुलीत घातली. काळा धूर, घाण वास. ती बाई उठून पदरानं धूर हाकलत मला शिव्या द्यायला लागली, तेलुगूत, मराठीत, की चूल बाटवली, लुगड्याला वास लागला. इतक्या गोड शिव्या मी जन्मात ऐकल्या नाहीत.

धोंडप्पाचं रीळ जळताना कुठूनतरी मोठा उसासा आल्यासारखं वाटलं. वाटलं असेल.

तिच्या लेकाला तार केलीय, भिवंडीला घेऊन जा म्हणून. तो उद्या येतोय.

आता तिसरा डबा.

१५ मार्च

‘काका’ची चिठ्ठी आहे. डबा रिकामा.

चनबसप्पाला विचारलं. रागावला नाही, आवाजही चढवला नाही. ते दोघं जळले तर जळू द्या म्हणाला, ते साधेच होते. तुमचं रीळ पाहुणे मुंबईला घेऊन गेलेत. दहा तारखेला, तुम्ही धोंडप्पाकडे होता तेव्हाच त्यांनी बघितलं आणि सगळं ठरलं. आता त्याच्या प्रती निघतील. एक एका गावाला, एक दुसऱ्या. गावांची नावं सांगितली, माझ्या जिभेला ती वळेनात. समुद्रापलीकडची सगळी.

मी म्हटलं, माझंच का? चेष्टा होती ती, अरे.

तेव्हा तो जे बोलला ते शब्दाला शब्द लिहितो. “काका, बाकीची माणसं माझ्याकडं बघत होती. तुमी माझ्याकडं तुच्छतेनं बघत होता. मढ्याच्या बैठकीत बसून जित्या माणसावर अशी थुंकणारी नजर जगात कुणी पकडलेली न्हाई. वीस वर्षं मी ती शोधत होतो, आणि ती घरातनंच चालत आली की.”

मी विचारलं, धोंडप्पाचं तुला माहीत होतं? तर म्हणाला, पडद्यावर आहे तेच माणूस, बाकी सगळं शिल्लक राहिलेलं. शिल्लक कधी ना कधी जातंच.

थुंकलो त्याच्या पुढ्यात. त्यानं हाताची चौकट करून डोळ्याला लावली, बघितलं.

१८ मार्च

सावित्रम्मा गेली. जाताना दारातून म्हणाली, अण्णा, तुमी पण चला. म्हटलं, मी अकलूजला जातो, नातवंड यायचंय.

निघालो. स्टँडवर आलो. अकलूजची गाडी लागलेली, कंडक्टर घंटी मारतोय. पिशवी उचलली आणि —

बसलेलो होतो. स्टँडच्या भिंतीला टेकून. गाडी नव्हती. ऊन दुसऱ्या बाजूला गेलं होतं. पायाशी कुणीतरी पैसे टाकले होते. भिकारी समजून.

कुठेतरी कुणीतरी लावलं असणार. कुठल्या तरी गावात, अंधारात, अहाहा करत.

चनबसप्पा येऊन घेऊन गेला. दंडाला धरून, प्रेमानं. काका, काका म्हणत. काका म्हटलं की उठता येत नाही. चालवत नेतो तो, तसा चालतो मी.

२१ मार्च

आज पुन्हा निघालो. गल्लीच्या तोंडापर्यंत.

आता दिवसातून किती वेळा, कळत नाही. आपल्याकडे सकाळ तर त्यांच्याकडे रात्र म्हणे. कुठे ना कुठे अंधार असतोच. अंधार असला की खेळ असतो. हे मी सांगायचो लोकांना, तंबूबाहेर, भोंग्यावर. हसून.

पेठेत माझं नाव घेणारं कुणी उरलं नाही. धोंडप्पा घेत होता. सावित्रम्मा घेत होती.

२३ मार्च

बसलो की काय दिसतं ते सांगतो. डोकी दिसतात. अंधारात ओळीनं डोकी, बायकांची, पुरुषांची, चष्मे. सगळी माझ्याकडे. आणि मी त्यांच्याकडे तसाच बघतोय, त्या दिवशी बघितलं तसा. तोंड बदलता येत नाही. मला राग नाही आता त्यांचा, शिवबाई. मला त्यांना म्हणायचं आहे, बाबांनो, उठवा. पण तोंडावर तेच. ते टाळ्या वाजवतात.

चनबसप्पा समोर बसून बघतो मला. चष्मा काढून.

२५ मार्च

थोडा वेळ आहे. हात मोकळा आहे.

पत्र आलं तुझं. पोस्टमन दारात ओरडला, मडिवाळप्पाचा बाप. मी इथेच होतो. दोन हातांवर. उठता आलं नाही. मडिवाळप्पाचा बाप म्हटलं की तो मी नव्हे. चनबसप्पानं पाकीट आत आणून मांडीवर ठेवलं, उघड्या तळव्यावर. आत्ता वाचलं. पोरगी झाली. बरं झालं. चन्नम्माला म्हणावं डोक्याला फडकं बांध. गार पाणी पिऊ नको. तुझा गुडघा — शेक.

बारसं थांबवू नका. पाळण्याची दोरी माझ्या नावानं —

ऐक. आईनं सांगितलं होतं ना, नावानं हाक मारू नये, उठायला जातो. मला उठायचंय. म्हणून एक कर. चाळीस वर्षं घेतलं नाहीस, आता घे. नाही घेता आलं तर लिही. पाकिटावर, मोठं, पोस्टरासारखं. पोस्टमन दारात वाचेल ते. मोठ्यानं वाचतो तो. मी उठेन. उठलो की थांबणार नाही, चप्पल घालणार नाही, सरळ —

लवकर लिही. आजच. उत्तर लवकर लिही शिवबाई, आणि पाकिटावर नाव घाल, माझं, दुसरं काही नको. तुला येतं. मीच शिकवलं होतं, तंबूमागे, खळीच्या बादलीजवळ. विसरली असशील तर — न. न ला पहिली वेलांटी. वर टिंब. मग ग. मग